रडण्यासाठी अर्धा दिवस

भांडारपालाने अर्ध्या दिवसाच्या रजेचा अर्ज केला आणि कारणाच्या रकान्यात खरं ते लिहिलं : ‘रडायचे आहे.’

थोरला भाऊ जाऊन तीन महिने झाले होते. तेव्हा दवाखान्याचे कागद, पाहुण्यांची सोय, वहिनीला सावरणं, सगळं त्याने एकट्याने निभावलं होतं आणि ‘काय खंबीर माणूस आहे’ म्हणत लोकांनी त्याची पाठ थोपटली होती. आता एका मंगळवारी स्क्रूंची खोकी मोजता मोजता त्याला भाऊ आठवला आणि त्याने मोजणी सोडून अर्जाचा कागद पुढे ओढला.

साहेबांनी अर्ज दोनदा वाचला. “पोट दुखतंय असं लिहा की.”

“पोट ठणठणीत आहे, साहेब.”

“अहो, पण पुरुषमाणसाला या कारणासाठी रजा द्यायची तरतूदच नाही.”

अर्ज आस्थापना विभागाकडे गेला. तिथून विचारणा आली : सदर रडणे नैमित्तिक आहे की वैद्यकीय? कार्यालयाच्या डॉक्टरांनी तपासून दाखला दिला की अर्जदाराचे डोळे निरोगी असून अश्रू येण्यास कोणतीही तांत्रिक अडचण नाही. मग तीन जणांची समिती बसली. पाचव्या आठवड्यात तिने शिफारस केली : संबंधिताने येत्या शुक्रवारी दोन ते चार या वेळेत स्वगृही रडावे, आवाज शेजाऱ्यांपर्यंत जाऊ देऊ नये आणि हा पायंडा समजू नये.

शुक्रवारी भांडारपाल घरी येऊन खुर्चीत बसला. बायको शेजारी बसली. चार वाजले तरी डोळ्यांत टिपूस नाही.

“हुकमावर कुठं येतं ते,” ती म्हणाली.

सोमवारी साहेब स्वतः भांडारात आले, दार लोटून घेतलं आणि हळूच म्हणाले, “त्या अर्जाची एक प्रत मिळेल का? माझ्या एका मित्राला हवीय.”

“मित्राचं कोण गेलं?”

“वडील.” साहेब जमिनीकडे बघत राहिले. “चौदा वर्षं झाली.”

भांडारपालाने स्टूल पुढे सरकवलं. साहेब बसले, आणि इतके दिवस अडलेलं रडू भांडारपालाला एकदम फुटलं. साहेब समोरच्या खोक्यावरचा क्रमांक मन लावून वाचू लागले. बराच वेळ त्यांचं वाचून होईना.

पुढे त्या अर्जाला भलतीच मागणी आली. वाहनचालक, सुरक्षारक्षक, आस्थापनावाले, समितीचे तिन्ही सदस्य, एकेक जण येऊन गेला. प्रत्येकाला प्रत मित्रासाठीच हवी होती.

प्रती अजून शिल्लक आहेत. आपल्याला हवी असल्यास फक्त मित्राचं नाव कळवावं. आपलं विचारलं जाणार नाही.