मॅडम मीटिंगमध्ये आहेत

बाथरूमची कडी अडकली आहे हे पाणीपुरवठा मंत्रीबाईंच्या लक्षात आलं तेव्हा त्यांचे केस ओले होते, चष्मा बाहेर होता आणि फोन तर पार दिवाणखान्यात चार्जिंगला लावलेला होता. एरवी त्यांनी एवढं मनावर घेतलं नसतं. पण आज मंत्रिमंडळाची फेररचना होती आणि अशा दिवशी मुख्यमंत्री स्वतः फोन करत. ज्याला ठेवायचं त्याला फोन यायचा, ज्याला काढायचं तो नुसता वाट बघत बसायचा. आणि साहेब एकाच माणसाला दुसऱ्यांदा फोन करत नाहीत, हे पक्षातल्या सगळ्यांना पाठ होतं.

बाईंनी कडी ओढली, ढकलली, चुचकारली, शेवटी तिला एक ठेवणीतली शिवी दिली. कडी ढिम्म हलली नाही.

"अहो, ऐकताय का? कडी अडकलीय."

बाईंचे यजमान भौतिकशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक. ते दाराशी आले आणि विचारात पडले. "धातू प्रसरण पावला असणार. पाणी फार गरम घेतलं होतंस का?"

"प्रसरणाचं नंतर बघू. आधी दार उघडा."

प्राध्यापकांनी फटीतून तेल सोडलं. ते कडीला चुकवून थेट लादीवर उतरलं. आत बाईंच्या येरझारा चालू होत्या, त्या घसरता घसरता वाचल्या. मग अंगरक्षक पुढे आला. "मॅडम, बाजूला व्हा. एका धक्क्यात दार आडवं करतो."

"खबरदार हात लावाल तर." मागे याच बाथरूमच्या फरश्या बदलल्या म्हणून विरोधकांनी सभागृह बंद पाडलं होतं. सरकारी बंगल्याचं दार तुटलं तर त्यांना वर्षभर दुसरा विषय शोधावा लागला नसता. "मागच्या दाराने सुतार आणा. आणि बाहेर कुणाला याचा पत्ता लागता कामा नये. जिला स्वतःचं दार उघडता येत नाही तिच्याकडे खातं कोण सोपवेल?"

तेवढ्यात दिवाणखान्यात फोन वाजला. फोन उचलला त्यांच्या पीएने. हा गृहस्थ इमानी होता, पण त्याच्याकडे उत्तर एकच होतं. मॅडम झोपलेल्या असोत, जेवत असोत की कुणावर चिडून बसलेल्या असोत, तो एका सुरात तेच सांगायचा. बाईंनी दाराला कान लावला.

"मॅडम मीटिंगमध्ये आहेत... नाही, कोणाबरोबर ते सांगता येणार नाही."

मग चपलांचा आवाज दाराजवळ येत गेला.

"मॅडम, साहेब होते."

"खुद्द?"

"आवाज ओळखला मी. पण तोवर तोंडातून निघून गेलं होतं."

बाई पालथ्या बादलीवर बसल्या. संपलं, त्यांना वाटलं. वॉर्डातल्या नळांच्या भांडणांपासून सुरुवात करून त्या इथवर आल्या होत्या. एक बैठक चुकवली नव्हती, एक फोन सोडला नव्हता, आणि सगळं धुपून जायचं ते एका कडीपायी. त्यांना रडू येणार होतं, पण बसवेना म्हणून त्या उठल्या आणि बेसिनपासून दारापर्यंत पुन्हा फेऱ्या घालू लागल्या. पाण्याची मात्र कमतरता नव्हती, तेवढं खात्याचं पुण्य होतं.

फोन पुन्हा वाजला.

"मॅडम," पीए धावत आला, "परत साहेबच आहेत. फोन दाराशी आणू?"

"नको. इथून बोलले की आवाज घुमतो, त्यांना लगेच कळेल. तुम्हीच काहीतरी सांगा."

पीएने अर्थातच तेच सांगितलं. बाई मात्र चक्रावल्या. दुसरा फोन? साहेबांचा?

त्याचं कारण सरळ होतं. फेररचनेच्या सकाळी जो मंत्री मुख्यमंत्र्यांचा फोन घेत नाही तो एकतर मेलेला असतो, नाहीतर सरकार पाडत असतो. बाई जिवंत असल्याची खात्री पीएने दिलीच होती.

ही बातमी साहेबांच्या कार्यालयातून पाझरली आणि ज्यांना ज्यांना फोन आला नव्हता ते सगळे बंगल्याकडे निघाले. आधी उद्योगमंत्री आले. "ताईंना म्हणावं, मी त्यांच्याबरोबर आहे."

"कशात?" पीएने विचारलं.

"ते त्याच ठरवतील."

पाठोपाठ नाराज आमदार आले, मग त्यांना बघून आणखी नाराज झालेले आमदार आले. खुर्च्या पुरेनात, तेव्हा जेवणघरातल्या आणल्या.

"त्यांना काय सांगितलंत?" बाईंनी आतून विचारलं.

"मॅडम मीटिंगमध्ये आहेत."

"अहो, मीटिंग तर तेच घेऊन बसलेत ना बाहेर?"

"ते म्हणाले, आतली मीटिंग मोठी दिसतेय."

शेवटी मागच्या दाराने सुतार आला आणि पुढच्या दाराने साहेब. सुताराने प्राध्यापकांचं प्रसरण ऐकून घेत घेत कडी उतरवली. बाईंनी कशीबशी साडी नेसली, ओल्या केसांवर पदर ओढला आणि त्या बैठकीच्या छोट्या खोलीत गेल्या. भरलेला दिवाणखाना ओलांडून आलेले साहेब तिथे घाम पुसत बसले होते.

"ताई, हे बरं नाही," ते म्हणाले. "पाणीपुरवठा तुमच्याकडेच ठेवणार होतो मी. आत कोण होतं?"

बाईंना धावपळीचा आणि लपवाछपवीचा वीट आला होता. "साहेब, खरं सांगते. कोणी नव्हतं. कडी अडकली होती, मी बाथरूममध्ये होते."

साहेबांनी रुमालाची घडी घातली. "बरं. ग्रामविकास घ्या."

"अहो, तसं नाही. खरंच कडी अडकली होती."

"नगरविकास."

"सुतार अजून आत आहे, हवं तर त्याला विचारा."

"तुम्ही एवढ्या पक्क्या असाल असं वाटलं नव्हतं मला," साहेब हताशपणे म्हणाले. "अर्थ घ्या. पण बाहेरच्यांना घरी पाठवा."

बाईंना हसू येत होतं आणि संतापही. इतकी वर्षं मुद्देसूद बोलून जे हाती लागलं नव्हतं ते असं मिळत होतं. "पाठवते," त्या म्हणाल्या.

साहेब गेले, गर्दी पांगली. प्राध्यापक हात पुसत आले.

"मला विचारशील तर तू त्यांना खरं सांगून टाकायला हवं होतंस. माणसं समजून घेतात."

"सांगितलं की," बाई केस पुसत म्हणाल्या. "पुन्हा पुन्हा सांगितलं. म्हणून तर अर्थखातं मिळालं."