क्विन्सची घसरण

फळ उत्पादन खात्यातल्या एकुलत्या एक आकडेशास्त्र्यांनी आलेख काढला होता सुरेख. नासपतीची रेघ जिना चढल्यासारखी वर गेलेली आणि क्विन्सची घसरगुंडीवरून सुटल्यासारखी खाली. मंत्र्यांनी तो उलटा धरून पाहिला, सुलटा धरून पाहिला आणि विचारलं, "हे क्विन्स म्हणजे काय प्रकरण आहे?"

आकडेशास्त्री गडबडले. क्विन्सचे आकडे त्यांना तोंडपाठ होते. क्विन्स मात्र त्यांनी जन्मात पाहिलं नव्हतं.

"उद्या घेऊन या," मंत्री म्हणाले. "तुमचा विभाग ठेवायचा की बंद करायचा, तेही उद्याच बघू."

बाजार पालथा घालून त्यांनी टोपलीभर क्विन्स मिळवली. दिसायला नासपतीच्या गलेलठ्ठ चुलतभावासारखी, पिवळीधमक, आणि वास असा की बसमधले लोक माना वळवून बघत होते. घरी टोपली टेबलावर ठेवून त्यांनी बायकोला बजावलं, "कुणी हात लावायचा नाही."

बायकोने ऐकलं. पण मुलीकडे चार दिवस राहायला आलेल्या तिच्या वडिलांना कोण सांगणार? सकाळी उठल्याउठल्या त्यांना टेबलावर नासपती दिसली आणि त्यांनी कचकन चावा घेतला. कच्चं क्विन्स म्हणजे निव्वळ लाकूड. फळाचा तुकडा काही निघाला नाही, सासऱ्यांची वरची कवळी मात्र निघाली आणि फळात रुतून बसली. त्यांनी ती ओढली, पिळली, फळ गुडघ्यात धरून झटापट केली. तेवढ्यात जावयाची चाहूल लागली. ओशाळून त्यांनी ते फळ टोपलीत पालथं घातलं. जावईबापूंनी वर रुमाल टाकला, टोपली उचलली आणि ते तडक बाहेर पडले.

"आत! आत!" सासरे ओरडले.

"आत जायचंय का, बाबा? चला," म्हणत मुलीने त्यांना खोलीत नेलं.

"आत हवेत गं, आत!"

"हवेत बसायचंय? मग बाल्कनीत बसा ना!" तिने खुर्चीही मांडून दिली. शेवटी सासऱ्यांनी आ वासून तोंडातली मोकळी जागा दाखवली, तेव्हा कुठे तिच्या डोक्यात प्रकाश पडला. तिने नवऱ्याला फोन लावला. तो बंद होता.

इकडे मंत्र्यांनी रुमाल दूर केला आणि नेमकं तेच फळ उचलून फिरवलं. फळ त्यांच्याकडे बघून हसलं.

आकडेशास्त्र्यांनी सासऱ्यांचे दात ओळखले. ते आल्यापासून रोज जेवताना समोर तेच तर होते. त्यांचं तोंड आपोआप चालू झालं. "साहेब, घसरणीचं कारण हेच. हे फळ शिजवून खायचं असतं. लोक कच्चं खातात, दात गमावतात, पुन्हा फिरकत नाहीत. मग शेतकरी झाडं तोडून नासपती लावतात."

"काहीतरीच!" मंत्री हसले. "फळ ते फळ. इतकं काय कडक असणार?" आणि कुणी अडवायच्या आत त्यांनी दुसरं क्विन्स उचलून कडाडून चावलं.

कट्ट असा आवाज झाला. मंत्र्यांनी हळूच तोंडाला हातरुमाल लावला आणि बैठक संपल्याची खूण केली.

आकडेशास्त्र्यांनी मंत्र्यांना आपल्या नेहमीच्या दातांच्या डॉक्टरांकडे नेलं, तर तिथे सासरे तोंडाला रुमाल लावून आधीच येऊन बसले होते. आकडेशास्त्र्यांनी हातातलं हसरं फळ त्यांच्या मांडीवर ठेवलं. शेजारच्या खुर्चीत मंत्री टेकले. दोघांनी एकमेकांचे रुमाल पाहिले.

"अं अं अं?" सासऱ्यांनी विचारलं.

"उं हूं! अं अं!" मंत्री कळवळून म्हणाले.

मग त्यांचं असं काही जमलं की डॉक्टरांनी हाक मारली तरी दोघं उठेनात. हातवारे झाले, टाळ्या दिल्या-घेतल्या गेल्या. मध्येच मंत्र्यांनी आकडेशास्त्र्यांकडे बोट दाखवून काहीतरी विचारलं, सासऱ्यांनी छाती फुगवून लांबलचक उत्तर दिलं आणि मंत्र्यांनी जोरजोरात मान हलवली.

विभाग वाचला. कशामुळे, ते आकडेशास्त्र्यांना आजवर कळलेलं नाही. सासऱ्यांना विचारलं तर ते नव्या कवळीने स्पष्ट शब्दांत सांगतात, "आमचं आपसातलं बोलणं होतं ते."