गमरेसाहेबांचं फॉस्फेट

गमरेसाहेब पहिल्या भेटीत माणसाच्या चेहऱ्याकडे बघत नाहीत, दातांकडे बघतात. बोर्ली पंचतनच्या हायस्कुलात मराठी शिकवायला आलो आणि त्यांच्या शेजारचं घर भाड्याने घेतलं, तेव्हा मी हसून नमस्कार केला. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, माझं हसू आटपेपर्यंत ते नीट न्याहाळलं आणि म्हणाले, "ग्रेड चांगली आहे. जपा. तुमच्या तोंडात जे फुकट आलंय ना मास्तर, त्यासाठी आम्ही राजस्थानात डोंगर फोडत होतो."

त्या दिवसापासून मी त्यांच्यासमोर तोंड मिटून हसतो.

साहेब भूगर्भशास्त्रज्ञ. सगळी नोकरी उदयपूरकडच्या फॉस्फेटच्या खाणींत गेली. त्या दगडाचं खत होतं, आणि आपले दात न् हाडंही जवळपास त्याच खनिजाची, हे त्यांनी मला एकदा आमटीभात थंड होईपर्यंत समजावलं. फार पूर्वी तिथे उथळ समुद्र होता, त्याच्या तळाशी हा दगड तयार झाला. म्हणजे समुद्रकाठचा हा माणूस पोटासाठी वाळवंटाच्या मुलखात गेला, आणि तिथे त्याला कामाला लावलं ते एका मेलेल्या समुद्रावर. निवृत्तीनंतर जिवंत समुद्राशेजारी परत आले, तर इथे फॉस्फेटचा एक खडा नाही. नुसता जांभा.

"जांभा म्हणजे आपल्या गावासारखा," ते म्हणतात. "दिसायला तांबूस, ऐटदार. आतून सगळा भोकं भोकं."

खाण सुटली तरी खाणीची भाषा सुटली नाही. भाताला ग्रेड, जावयाला ग्रेड, आमदाराला तर "लो ग्रेड, काढायचा खर्चसुद्धा निघणार नाही." खनिजाच्या वर जी निकामी माती असते तिला ते 'ओव्हरबर्डन' म्हणतात. आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात पाहुण्यांचं भाषण रंगात आलं असताना पहिल्या रांगेतून त्यांचा आवाज आला, "ओव्हरबर्डन फार झालं, आता खनिज येऊ द्या." पाहुण्यांना वाटलं, विजेच्या भाराविषयी तक्रार आहे. त्यांनी माईक बंद केला आणि उरलेलं भाषण ओरडून केलं.

गावामागच्या सड्यावर, त्या उघड्या माळावर, साहेब हातोडी घेऊन कातळ ठोकत हिंडायचे, तेव्हा गावात सोनं सापडल्याची आवई उठली. एक गृहस्थ पेढ्यांचा पुडा घेऊन आले आणि हळूच म्हणाले, "साहेब, आमचा कातळ पण तिथंच हाय." साहेबांनी पेढा तोंडात टाकला. "सोनं टाकून भात पिकतो काय? फॉस्फेट असतं तर तुमच्या पाया पडलो असतो." गृहस्थ उरलेले पेढे घेऊन परत गेले.

एवढ्यावर भागलं असतं तर गाव सुखी होतं. पण खडकात मिळत नाही तर माशात मिळेल, असं साहेबांच्या मनाने घेतलं. दिघीहून मासे घेऊन येणाऱ्या जैनबचाचीला त्यांनी सांगून ठेवलं, डोकी आणि काटे फेकायचे नाहीत. चाची रोज फाटकाशी पाटी उतरवून हाक मारायची, "साहेब, डोकी हायत, काटं हायत, मासं तेवढं न्हाय!" साहेब खुशीत पिशवी घेऊन धावायचे.

मग ते काटे परसात वाळत. वाळले की पत्र्याच्या पिंपात जळत. जळले की साहेब त्याच हातोडीने त्यांची पूड करत. खाडीकडचा वारा सुटला की तो वास आधी माझ्या घरात येई, जेवणाची चौकशी करी आणि मग गावात जाई. गावातली कुत्री साहेबांच्या फाटकासमोर सकाळपासून रांग धरून बसत, आणि ती रांग रेशन दुकानापेक्षा शिस्तीची होती. मी उदबत्त्यांवर उदबत्त्या लावल्या. त्याने एवढंच झालं, की देवळात कोणीतरी मासळी भाजतंय असं वाटायला लागलं.

इतक्या पुडीचं होतं काय, असं विचारलं की साहेब म्हणत, "संशोधन चालू आहे."

शेवटी भोईरांकडे मुलगी बघायला आलेले पाहुणे चहा न घेता नाकाला रुमाल लावून उठले, आणि प्रकरण ग्रामसभेत गेलं. साहेबांनी तिथे मातीवर व्याख्यान दिलं. जांभ्याच्या मातीत लोखंड फार, ती खतातलं फॉस्फेट गिळून बसते आणि झाडाला देत नाही, वगैरे. सरपंचबाईंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "साहेब, ते सगळं खरं. पन भोईरांची पोर घरात बसली, तिचं काय?" सभेने ठरवलं की हा उद्योग गावाबाहेर न्यायचा. आणि शेजारी म्हणून त्यांना राजी करायचं काम माझ्या गळ्यात पडलं.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर गेलो. "साहेब, सड्यावर जागा देतायत. पिंप तिकडे न्या, पूड तिकडेच पसरा. मोठ्या जागेत संशोधनही मोठं होईल."

साहेबांनी चष्मा कपाळावर सरकवला. उठले आणि मला घरामागे घेऊन गेले. तिथे विहिरीजवळ रातांब्याचं, म्हणजे कोकमाचं, एक रोप होतं, जेमतेम छातीएवढं. बुंध्याभोवती पांढरी पूड पसरलेली. आजूबाजूला केळी होत्या, माड होते, त्यांच्या मुळाशी चिमूटभरही नव्हती.

"सगळी पूड याला?" मी विचारलं.

"हिच्या अस्थी इथे आहेत."

साहेबांच्या पत्नी, गमरेबाई, गावच्या प्राथमिक शाळेत शिक्षिका होत्या. साहेब निवृत्त होऊन आले आणि वर्षाच्या आत बाई गेल्या, एवढं मी ऐकून होतो.

"लोक म्हणाले, समुद्रात सोडा," साहेब म्हणाले. "समुद्राला काय कमी आहे? म्हटलं, मातीत राहू देत, कशाला तरी लागतील. वर हे लावलं. ती दरवर्षी रातांब्याच्या रसाचं आगळ करून मला बाटल्या पाठवायची तिकडे." त्यांनी वाकून एक वाळकं पान उचललं. "पण ही माती, मास्तर. दिलेलं गिळून बसते. आणि तिच्या अस्थींत असून असून किती असणार?"

त्यांनी ते पान बुंध्याशी पुडीवर ठेवलं.

"मी तिकडे खाणीवर. एप्रिलात जयंतीला यायचो, दिवाळीला यायचो, पाहुण्यासारखा. इकडे माझी म्हातारी आई, पोरं, शाळा, घराची कौलं, सगळं तिने एकटीने ओढलं. आता हे झाडसुद्धा तिने एकटीनेच वाढवायचं?"

मी तसाच सरपंचबाईंकडे गेलो आणि पाहिलं ते सांगितलं. त्या म्हणाल्या, "माझी पयली-दुसरी बाईंच्याच हाताखाली झाली. ऱ्हाऊ दे तितंच. पन पिंप पेटवायचं ते वारा दर्याकडे असंल तवाच. आनि भोईरांना मी बघते."

साहेबांनी ते मान्य केलं. आता ते रोज फाटकात उभे राहून बोट ओलं करून वारा बघतात. कुत्री मात्र वाऱ्याचं काही मानत नाहीत.

परवा बाजाराला निघताना बायकोने विचारलं, "काय आणू? बोंबील?"

मी म्हटलं, "बोंबील नको, त्यात काटा कसला? जरा काट्यांचं काहीतरी आण."