लॉन्ड्रीत सुकवलेलं सरपण

लॉन्ड्रीवाल्याने दिवाणखान्यात लाकडाची शेगडी बसवली आणि त्याच दमात सासूबाईंना फोन लावला. "रविवारी या. यंदा थंडी संपेपर्यंत जाऊ देत नाही!" गेल्या वर्षी त्यांनी गारठून दोन दिवसांत काढता पाय घेतला होता आणि ते बायकोच्या मनाला फार लागलं होतं. "या खेपेला आई गेली, तर शेगडी भंगारात," तिने बजावलं.

एवढं असून पठ्ठ्याने उचललं ते नुकतंच तोडलेलं लाकूड. वखारवाला म्हणाला, "साहेब, हे वर्षभर तरी वाळायला हवं. जुनं देऊ का?"

"अहो, सुकवणं हा माझा धंदा आहे! जाडजूड ब्लँकेटं सुकवतो मी. लाकूड काय चीज आहे!"

ओंडके घराखालच्या लॉन्ड्रीत, कपडे सुकवायच्या गरम खोलीत रचले गेले. दुसऱ्याच दिवशी वकीलबाई कोट हुंगत आल्या. "याला जंगलाचा वास का येतोय?"

"नवा सुगंध आहे, बाई. सगळ्यांना देत नाही!"

मग ओंडक्यांतून चीक गळू लागला. ते उलटेपालटे करून त्याच हातांनी त्याने हॉटेलच्या टेबलक्लॉथच्या घड्या घातल्या. त्या काही केल्या उलगडेनात.

"अहो, आता तरी जुनं लाकूड आणा," बायको काकुळतीला आली.

"साल बघ, कशी खडखडीत वाळलीय!"

रविवारी सासूबाईंच्या देखत त्याने ऐटीत काडी ओढली. साल भुर्रकन पेटली आणि विझली. आतलं ओलं लाकूड फसफसलं आणि घरभर धूरच धूर झाला. खिडक्या उघडल्या, तर बोचरा वारा आत घुसला. सासूबाई खोकत बॅग घेऊन जिना उतरल्या. बायकोचे डोळे भरून आले. ते धुराने की रागाने, हे विचारायची त्याची छाती झाली नाही.

तो धावत खाली गेला. सासूबाई रस्त्यावर नव्हत्या. त्या सुकवायच्या खोलीत, कपड्यांच्या ढिगाला टेकून, पाय पसरून बसल्या होत्या.

"जावईबापू, अशी उबदार खोली असताना मला वर कशाला बसवलंत? हे दोऱ्या-कपडे वर शेगडीपाशी हलवा आणि माझी खाट इथं टाका. थंडी संपेपर्यंत मी हलत नाही!"

मागून आलेली बायको खुदकन हसली, आणि त्याचा जीव भांड्यात पडला.

सोमवारी सकाळी तो वखारीत हजर. "जुनं, चांगलं वाळलेलं लाकूड द्या. भरपूर द्या."

"पाहुण्यांना थंडी वाजतेय वाटतं?"

"छे हो!" तो रुबाबात म्हणाला. "गिऱ्हाइकांचे कपडे सुकवायचेत."