कपाटातल्या बाईचं पुनर्मूल्यांकन

भुताला घाबरणारी माणसं वेगळी. मी समीक्षक आहे! कपाटातून पांढरीफटक बाई बाहेर येते, त्या जुन्या भयपटांच्या मालिकेने आमच्या अख्ख्या पिढीची झोप उडवली होती. संपादकांनी विचारलं, "आज तिचा प्रभाव किती उरलाय?" मी ठणकावलं, "शून्य! पुन्हा बघतो आणि लिहूनच देतो!"

रविवारी भर दुपारी सगळे भाग लावले. शेजारी सासूबाई विणकाम घेऊन बसल्या. बाई कपाटातून आली तशा म्हणाल्या, "जावईबापू, हिला कुणीतरी पोटभर जेवायला घाला हो!" मी खो खो हसलो. शेवटच्या भागापर्यंत सासूबाई घोरू लागल्या आणि मी पाय सोफ्यावर घेतले. फरशी गार होती म्हणून!

सिनेमा संपला. चष्मा पुसायला रुमाल हवा म्हणून आतल्या खोलीत गेलो, तर कपाटातून आवाज. टक्. टक् टक्! किलकिल्या दारातून एक पांढराफटक हात बाहेर आला आणि परत आत गेला!

मी दार धाडकन लोटलं, कडी घातली आणि बोंब ठोकत थेट जिन्यात! आतूनही किंकाळ्या सुरू झाल्या, "उघडा! उघडा!" सिनेमातली बाईही अगदी हेच म्हणते हो! शेजारीपाजारी धावत आले. तेवढ्यात बायको दुकानातून परतली.

"अहो, सुताराला कोंडलंत? कपाटाची मागची फळी बदलायला बोलावलंय. जाताना त्याला आत पाठवलं, तुम्हाला सांगितलं, तर 'हूं' म्हणालात की!"

तिने कडी काढली. पांढऱ्या भुशाने माखलेला सुतार बाहेर पडला मात्र, वरच्या मजल्यावरचे पैलवान सगळ्यांत आधी पळाले! सासूबाईंनी एक डोळा उघडला. "हा कितवा भाग हो?"

सुतार कपाटापासून चार पावलं लांब सरकला. "साहेब, तो पिक्चर बघितल्यापासून मी कपाटाचं दार कधी लावून घेत नाही! आता कुणी हात धरून बसलं तरच आत जाईन!"

मी बसलो. एका हातात त्याचा हात, दुसऱ्याने दार घट्ट उघडं धरलेलं. इतक्यात संपादकांचा फोन आला. बायकोने तो माझ्या कानाला लावला.

"काय, मग प्रभाव शून्यच ना?"

"अर्थातच!" मी म्हणालो.

तोच कपाटातून सुतार ओरडला, "साहेब, हात जरा सैल सोडा हो! माझी बोटं बधिर झाली!"