तात्यांची वर्षभराची मुदत

आमचे शेजारी जनूतात्या अभिनंदनाला एक वर्ष उशिरा येतात. विचारपूस करायलाही तेवढ्याच उशिरा. विसरतात म्हणून नव्हे. तारीख त्यांच्या कॅलेंडरात पेन्सिलीने लिहिलेली असते, आणि नवं कॅलेंडर आलं की ते ती त्यात उतरवून घेतात.

मी पोशीरला राहायला आलो त्याच वर्षी एक जुनी गाडी घेतली. सगळी आळी बघून गेली. तात्यांनीही तिच्याभोवती एक फेरी मारली आणि म्हणाले, "अजून समजलं नाय." वर्षाने, त्याच तारखेला, ते नारळ घेऊन आले. गाडी त्या दिवशी कर्जतच्या गॅरेजात होती. वर्षातली सहावी खेप. ते "बरं" म्हणाले आणि नारळ घेऊन परत गेले.

यामागे त्यांचं शेतीचं कारण आहे. एका साली त्यांचं भात कमरेला लागलं होतं. येणारा-जाणारा वाहवा करत होता, तात्याही करत होते. कापणीच्या आठवड्यात पाऊस आला आणि सगळं आडवं झालं. तेव्हापासून वर्ष उलटल्याशिवाय ते कशालाच चांगलं किंवा वाईट म्हणत नाहीत.

माझा पाय मोडला तेव्हा बावन्न दिवस प्लास्टर होतं. दोन घरं सोडून राहणारा हा माणूस एकदाही फिरकला नाही. त्या दिवसांत घरी बसून मी मुलीकडून दहावीचं गणित करून घेतलं, आणि तिला शंभरपैकी पंच्याऐंशी मिळाले. वर्ष भरलं त्या सकाळी तात्या आले आणि माझ्या बायकोसमोरच म्हणाले, "भाऊ, पाय बरा मोडला तुमचा." तिने त्यांना बिनसाखरेचा चहा दिला. तो त्यांनी शेवटच्या घोटापर्यंत प्यायला. कसा होता, ते सांगितलं नाही.

तात्यांची बायको बऱ्याच वर्षांपूर्वी वारली. मुलगा सुरेश मोहोपाड्याला कारखान्यात होता, तिथेच खोली घेऊन राहायचा. कारखाना बंद पडला आणि तो सामान घेऊन घरी आला. लोक धीर द्यायला आले, तात्यांनी सगळ्यांना ठरलेलं उत्तर दिलं, "अजून समजलं नाय." वर्ष भरलं तेव्हा मी मुद्दाम जाऊन विचारलं. सुरेश आत भाकऱ्या थापत होता. तात्या आवाज खाली आणून म्हणाले, "लई बरं झालं, भाऊ. पण त्याला नका सांगू."

गेल्या महिन्यात सुरेशला भरूचजवळच्या कारखान्यातून बोलावणं आलं. पगार पहिल्यापेक्षा बरा. उत्तर संध्याकाळपर्यंत कळवायचं होतं. तो दुपारी माझ्याकडे आला. म्हणाला, बाबा काय हो म्हणणार नाहीत, वर्षाची मुदत मागतील. आणि त्यांचं मन नसेल तर मी जाणार नाही. तुम्ही नुसते शेजारी बसा.

मी जाऊन तात्यांशेजारी ओट्यावर बसलो. सुरेशने सगळं सांगितलं. तात्यांनी किती लांब ते विचारलं. नऊ तास, मी म्हणालो. घड्याळ बघायची मला सवय आहे. एक मिनिटही गेलं नसेल.

"चांगलं हाय रं," तात्या म्हणाले. "जा."

सुरेश त्यांच्याकडे बघतच राहिला. "बाबा, नक्की?"

"नक्की म्हणजे काय? चांगलं ते चांगलं. फोन कर जा."

तो आत गेला. आतून त्याचं बोलणं ऐकू येऊ लागलं, होय साहेब, येतो साहेब. तात्या गुडघ्यांवर हात ठेवून समोरच्या बांधाकडे बघत होते.

"भाऊ," ते म्हणाले, "सकाळी निघालं तर दिवस मावळायच्या आत पोचतो ना माणूस?"

पोचतो, मी म्हणालो. वाटेत दोन गाड्या बदलाव्या लागतात, आणि एक चुकली की नवाचे अकरा तास होतात. ते मी त्यांना सांगितलं नाही.