दोन रिंगांचा नियम

देवीदासभाऊंनी केलेला फोन कुणी उचलला, तर त्यांना राग येतो. पहिल्यांदा मी उचलला तेव्हा पलीकडून ओरड आली, "काहून उचलला बे? मिस कॉल होता ना तो!"

तेल्हाऱ्याच्या शाळेत आम्ही चौदा वर्षं शेजारीशेजारी बसलो. ते गणिताचे मास्तर, मी मराठीचा. बटणांचे मोबाइल नवे होते तेव्हा आम्ही ते एकाच दिवशी, एकाच दुकानातून घेतले. त्यात सापाचा खेळ होता. ठिपके खात लांब व्हायचं आणि शेवटी स्वतःच्याच शेपटीवर आपटून मरायचं. भाऊ त्याला खेळ म्हणत नसत. "साप पाळून राहिलो," म्हणत.

तपासणीचे साहेब आले तरी भाऊंची नजर टेबलाखाली. "बसा साहेब, एवढा वळवतो अन् आलोच." थोड्या वेळानं साहेबच त्यांच्या खांद्यावरून वाकून सांगू लागले, "डावीकडून घ्या, डावीकडून!" साप मेला. भाऊ उसासून म्हणाले, "सायबाच्या मार्गदर्शनानं गेला बिचारा."

पुढे मी बदलून अमरावतीला आलो, ते निवृत्त होऊन अकोल्याला गेले. तेव्हा त्यांनी नियम केला. रेकॉर्ड मोडला की दोन रिंगांचा मिस कॉल द्यायचा. समोरच्यानं उचलायचा नाही; त्यानं मोडला की त्यानं दोन रिंगा द्यायच्या. "बोलण्यात वेळ काहून घालवाचा? तेवढ्यात साप वाढते."

मी नंतर मोठ्या काचेचा फोन घेतला. त्यात साप नव्हता. भाऊंना ते सांगितलं नाही. त्यांच्या रिंगा आल्या की दोन-चार दिवसांनी मी खोट्याच दोन रिंगा देत असे. वहिनी वारल्यावर भाऊंचे रेकॉर्ड फार वाढले, दिवसाआड मोडू लागले. मला त्याचा कंटाळा येऊ लागला होता, हेही लिहून टाकतो.

गेल्या श्रावणात एका सकाळी मी दाढी करत होतो. फोन वाजला. दोन रिंगा, तीन, चार... पूर्ण वाजून थांबला. पुन्हा वाजला. भाऊंचं नाव दिसत होतं.

बायको म्हणाली, "घ्या ना."

"त्यायचा मिस कॉल असते. उचलला का चिडते."

दोन रिंगांपुढे ते कधी जात नाहीत, हे मला ठाऊक होतं. तिसऱ्यांदा वाजला तेव्हा मी फोन पालथा ठेवला.

संध्याकाळी कळलं, भाऊ स्वयंपाकघरात पडले होते. खुब्याचं हाड मोडलं होतं. दुपारी शेजारीण डबा द्यायला आली, तिनं माणसं बोलावून दार उघडवलं.

चार दिवसांनी मी दवाखान्यात गेलो. सगळं कबूल करायचं ठरवून गेलो होतो. उशाशी त्यांचा तोच जुना फोन होता. बटणं दाबून पाहिली. काच काळी ती काळीच.

"हे कधी गेलं, भाऊ?"

"झाले दोनक वर्षं. बटणं चालतात ना."

"मग साप?"

"तो कशाचा राहते आता." ते छताकडे बघत होते.

"अन् त्या दिवशी तुमच्या पोराले नाही लावायचा फोन?"

"दिसत नाही तं नंबर कुठून काढू? बोटाले एक तुयाच पाठ आहे."

मी फोन परत उशाशी ठेवला. त्यांना काय वाटलं कोण जाणे, माझा हात थोपटत म्हणाले, "मनाले लावून घेऊ नको गड्या. नियम मीच केला होता. तुले काय मालूम, खरा फोन आहे म्हणून?"

मी म्हणालो, "हो भाऊ. मले काय मालूम."